पीआर सोडून पॉडकास्टवर आलेल्यांचं किती ऐकावं?

निशिगंधा (धागाकर्ती)

टिम मिलर हे नाव इथल्या अमेरिकावासी मंडळींपैकी बऱ्याच जणांनी ऐकलं असेल. 'द बुलवर्क' या माध्यमसंस्थेचा रोजचा राजकीय पॉडकास्ट फेब्रुवारी २०२४ पासून तो चालवतो. त्याआधी तिथे चार्ली साइक्स होता. हे व्यासपीठ ट्रम्पविरोधी रिपब्लिकनांनी उभं केलं. डिसेंबर २०१८ मध्ये 'द वीकली स्टँडर्ड' हे कंझर्व्हेटिव्ह साप्ताहिक बंद पडलं आणि तिथली काही माणसं इकडे आली. मिलर भरभर बोलतो, मधेच शिवी हासडतो, पाहुण्याला अडवून उलट प्रश्न विचारतो. पण मला त्याच्याकडे ओढतं ते वेगळंच. काय घडलं हे तर सगळेच सांगतात. ती बातमी आज, याच शब्दांत आणि याच पत्रकाराकडे का आली, हे तो सांगतो.

त्याला हे कळतं, कारण त्याची उमेदवारी बातम्या पेरण्याच्या कामात, म्हणजे राजकीय पीआरमध्येच गेली. २०१२ साली तो अध्यक्षपदाची रिपब्लिकन उमेदवारी मागणाऱ्या जॉन हंट्समन यांच्या प्रचाराचा प्रवक्ता होता. मग रिपब्लिकन नॅशनल कमिटीत गेला. २०१३ मध्ये 'अमेरिका रायझिंग' सुरू करणाऱ्यांत तो होता, आणि २०१५-१६ मध्ये जेब बुश यांच्या प्रचाराचा कम्युनिकेशन्स डायरेक्टर. अमेरिका रायझिंगचं काम म्हणजे प्रतिस्पर्ध्याचं खोदकाम. डेमोक्रॅट उमेदवाराच्या मागे कॅमेरा घेऊन माणूस लावायचा, कुठल्या गावात तो काय बोलला ते टिपायचं, जुनी भाषणं आणि जुनी मतदानं उकरायची, आणि हा ऐवज नेमक्या पत्रकाराच्या हाती नेमक्या दिवशी पडेल अशी व्यवस्था करायची. या धंद्यातले लोक त्याला 'ऑपो' म्हणतात. बातमी पत्रकाराच्या नावाने येते, पुरवणारा कुठे दिसत नाही.

हीच पद्धत कंपन्यांना विकणारी फर्म म्हणजे 'डिफाइनर्स पब्लिक अफेअर्स'. संस्थापक मॅट ऱ्होड्स, मिट रॉम्नी यांच्या २०१२ च्या प्रचाराचा मॅनेजर. तिथे सिलिकॉन व्हॅलीतलं काम मिलरकडे होतं आणि गिऱ्हाइकांत फेसबुक होतं. १४ नोव्हेंबर २०१८ ला 'न्यूयॉर्क टाइम्स'ने फेसबुकवर मोठी शोधबातमी छापली. 'फ्रीडम फ्रॉम फेसबुक' या टीकाकारांच्या आघाडीमागे जॉर्ज सोरोस आहेत असं सुचवणारा कागद डिफाइनर्सने पत्रकारांत फिरवला होता, असं त्यात आलं. सोरोस ज्यू अब्जाधीश आहेत. प्रत्येक गोष्टीमागे त्यांचा हात दाखवणं हा ज्यूविरोधी प्रचाराचा ठरलेला नमुना आहे, त्यामुळे गदारोळ झाला. शिवाय 'एनटीके नेटवर्क' नावाचं डिफाइनर्सशी जोडलेलं एक संकेतस्थळ होतं. वरवर ते बातम्यांचं, पण गूगल आणि ॲपलला झोडपणारे लेख तिथे एकामागून एक यायचे. बातमीच्या दुसऱ्याच दिवशी फेसबुकने डिफाइनर्सशी करार संपवला. मिलर तेव्हा ओबामांच्या माजी सहकाऱ्यांच्या 'क्रुकेड मीडिया'साठीही काम करायचा, तेही सुटलं.

२०२२ मध्ये त्याचं पुस्तक आलं. ट्रम्प यांच्या मागे गेलेल्या जुन्या सहकाऱ्यांचे त्याने त्यात प्रकार पाडले आहेत: मनाचे कप्पे करून जगणारे, वरच्या पायरीवर डोळा असणारे, कशालाच काही अर्थ नाही म्हणून हसत राहणारे. त्याहून महत्त्वाचं म्हणजे या यादीत तो स्वतःलाही बसवतो. तो समलिंगी आहे आणि समलिंगी विवाहाला विरोध करणाऱ्या पक्षासाठी त्याने वर्षानुवर्षं काम केलं. ते कसं जमवलं, हे तो आडपडदा न ठेवता सांगतो.

माझं म्हणणं असं की अशा माणसाचं ऐकावं, मन लावून ऐकावं, पण एका अटीवर. आपल्या जुन्या गिऱ्हाइकांची वही त्याने लोकांपुढे उघडलेली असली पाहिजे. तो आज कोणत्या पक्षाच्या बाजूने बोलतो याला मी दुय्यम मानते. कोणासाठी, किती काळ आणि कोणत्या युक्तीने काम केलं हे ज्याने सांगितलंय, त्याची आजची टीका आपण ताडून पाहू शकतो. ज्याने सांगितलं नाही, त्याचं प्रत्येक वाक्य कोणीतरी पैसे दिलेलं असू शकतं.

तुम्हाला काय वाटतं?

सह्यकडा

लेख आवडला, निष्कर्ष अजिबात पटला नाही.

संकटात सापडलेल्या कंपनीला पीआरवाले पहिला सल्ला काय देतात? दुसऱ्याने सांगण्याआधी स्वतः सांगा, म्हणजे कथा तुमच्या ताब्यात राहते. कबुली हे याच धंद्यातलं हत्यार आहे. आणि मिलरने तर आधीही सांगितलं नाही. फेसबुकचं प्रकरण पत्रकारांनी २०१८ मध्ये बाहेर काढलं, पुस्तक २०२२ चं. जी पानं आधीच छापून आली होती ती वाचून दाखवण्याला मी वही उघडणं म्हणणार नाही.

दुसरं, सोरोसबद्दलचा तो कागद ज्यांच्यावर रोखला होता त्यांचं पुढे काय? आज श्रोते मिलरला धाडसी म्हणतात, वर्गणी भरतात. ज्यांची बदनामी झाली त्यांना कोणी वर्गणी देत नाही.

कर्वेनगरकर

मी पुण्या-मुंबईत पीआर एजन्सीत बराच काळ नोकरी केली आहे, म्हणून या धंद्याच्या आतलं थोडं लिहितो. निशिगंधाताईंच्या 'बातमी का आली' या वाक्याला त्यामुळे जरा मांस चढेल.

एजन्सीतली सकाळ क्लिपिंगने सुरू होते. सगळी वर्तमानपत्रं, चॅनेल, संकेतस्थळं चाळायची आणि क्लायंटचं नाव कुठे आलं त्याचा अहवाल नऊच्या आत पाठवायचा. क्लायंट महिन्याचं रिटेनर (ठरलेलं मानधन) देतो आणि महिनाअखेरीला कव्हरेज रिपोर्ट मागतो. तो रिपोर्ट कित्येक वर्षं असा बनायचा: बातमीने किती कॉलम सेंटिमीटर जागा घेतली ती मोजायची, त्या जागेच्या जाहिरातीच्या दराने गुणायचं, आणि 'तुम्हाला इतक्या लाखांची प्रसिद्धी मिळाली' म्हणून आकडा द्यायचा. २०१० साली या क्षेत्रातल्या जागतिक संघटनांनी बार्सिलोनात बसून हे मोजमाप चुकीचं असल्याचं जाहीर केलं. आपल्याकडे ते त्यानंतरही बिनदिक्कत चालू राहिलेलं मी पाहिलं आहे.

यातून एक नजर तयार होते. तीन वेगवेगळे प्रवक्ते एकाच दिवशी एकच शब्दप्रयोग वापरू लागले, की सकाळी कोणीतरी टॉकिंग पॉइंट्सचा, म्हणजे काय बोलायचं त्या मुद्द्यांचा, कागद वाटलाय हे आम्हाला लगेच समजतं. एखादी नकोशी माहिती शुक्रवारी संध्याकाळी उशिरा जाहीर झाली, तर ती शनिवारच्या अंकात आतल्या पानावर दबावी एवढाच हेतू असतो. 'निकटवर्तीयांनी सांगितलं' असं लिहून आलं आणि त्यात त्या नेत्याच्या मनातली घालमेल फार सुंदर रंगवलेली असली, तर तो निकटवर्तीय बहुतेक वेळा त्या नेत्याचा माध्यम सल्लागारच असतो. एखादी खास बातमी एकाच पत्रकाराला मिळाली, तर बदल्यात काय ठरलं हे विचारावं: कोणता प्रश्न विचारायचा नाही, किती वाजेपर्यंत छापायचं नाही, मथळ्यात कोणाचं नाव यायचं नाही.

सामान्य वाचकाला हे दिसत नाही आणि बऱ्याच पत्रकारांना सांगता येत नाही, कारण उद्या त्याच माणसाचा फोन घ्यायचा असतो. पीआर सोडलेल्या माणसाला ती अडचण नसते. म्हणून मिलरसारख्यांचं मोल मला वाटतं. त्यांच्या पश्चात्तापाशी मला फारसं देणंघेणं नाही, त्यांची नजर मात्र कामाची आहे.

दत्तूमास्तर

कर्वेनगरकर, छान लिहिलंत. मी जिल्हा दैनिकात आयुष्य काढलं. आमच्या टेबलावर प्रसिद्धीपत्रकांचा ढीग असायचा आणि माणसं कमी. पत्रकातली पहिली ओळ बदलायची, शेवटचा परिच्छेद उडवायचा आणि बातमी लावायची. लिहिणारा वाईट असतो असं नाही, त्याला रात्री साडेदहाच्या आत पान सोडायचं असतं.

२००९ च्या विधानसभा निवडणुकीनंतर पी. साईनाथ यांनी 'द हिंदू'त जे छापलं ते इथल्या तरुणांना कदाचित ठाऊक नसेल. तेव्हाच्या मुख्यमंत्र्यांच्या कौतुकाचे लेख वेगवेगळ्या मराठी दैनिकांत जवळपास शब्दशः सारखे आले होते. कुठेही 'जाहिरात' असा शब्द नव्हता. प्रकरण निवडणूक आयोगापर्यंत गेलं, आयोगाने नोटीस काढली, आणि २०१४ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने ती रद्द केली. त्याच सुमारास, २०१० मध्ये, प्रेस कौन्सिलच्या उपसमितीने पेड न्यूजवर सविस्तर अहवाल दिला होता. परंजॉय गुहा ठाकुर्ता आणि के. श्रीनिवास रेड्डी यांनी तो तयार केला. तो संपूर्ण प्रसिद्ध करायलाच कौन्सिल आधी तयार नव्हतं.

हे सांगण्याचं कारण असं की निशिगंधा म्हणते ती वही आपल्याकडे कोणी उघडलेली मला आठवत नाही. पैसे घेणारे, देणारे, मधले, एकानेही बाहेर येऊन 'मी हे केलं, असं केलं' म्हटलेलं नाही. मिलरचा हेतू काहीही असो, त्याने नाव घालून लिहिलं एवढ्यासाठी मी त्याला मान देतो.

विदुला_एम

वाचतेय. या धाग्यात साराह लाँगवेलचं नाव यायलाच हवं. बुलवर्कची प्रकाशक तीच. तिची वाट तर थेट पीआर कंपनीतूनच आलेली आहे. वॉशिंग्टनमधल्या 'बर्मन अँड कंपनी'त तिने दीर्घकाळ काम केलं, तिथे ती वरिष्ठ पदापर्यंत चढली आणि मग स्वतःची फर्म काढली.

तिचा 'द फोकस ग्रुप' हा पॉडकास्ट मी नियमित ऐकते. साबणाची किंवा बिस्किटाची नवी जात बाजारात आणताना आठ-दहा गिऱ्हाइकांना एका खोलीत बसवून बोलतं करतात, ती पद्धत तिने मतदारांना लावली. २०१६ मध्ये ट्रम्पना मत दिलं पण २०२० मध्ये दिलं नाही असे, दोन्ही वेळा दिलं असे, बायडेन यांच्यावर नाराज झालेले डेमोक्रॅट असे वेगवेगळे गट. त्यांचं बोलणं ती पॉडकास्टमध्ये जसंच्या तसं ऐकवते आणि मग पाहुण्याबरोबर त्यावर चर्चा करते. मतचाचणीत 'महागाई' या खान्यात एक टक्केवारी दिसते. इथे एक बाई अंड्यांचा आणि पेट्रोलचा भाव सांगते आणि त्याच दमात म्हणते, 'तो उद्धट आहे, पण तेव्हा माझं भागत होतं.' हे मला चार अग्रलेखांतून कळलं नव्हतं. (शब्द माझे आहेत, सूर असा असतो.)

२०२० मध्ये तिने 'रिपब्लिकन व्होटर्स अगेन्स्ट ट्रम्प' ही मोहीम चालवली. साध्या मतदारांनी स्वतःच्या फोनवर, स्वयंपाकघरात किंवा गाडीत बसून केलेले व्हिडिओ. चकचकीत जाहिरातीपेक्षा आपल्यासारखा दिसणारा, आपल्यासारखा अडखळणारा माणूस लोकांना पटतो, हा तिचा निष्कर्ष. हे ज्ञान पीआरचंच आहे. ते तिने उघडपणे, स्वतःच्या नावाने वापरलं, म्हणून माझा तिच्यावर विश्वास आहे.

सह्यकडा

विदुला, आता लाँगवेलचीच वही उघडू या.

बर्मन अँड कंपनीचा मालक रिक बर्मन. रेस्टॉरंट, दारू, तंबाखू असल्या उद्योगांच्या पैशातून साळसूद नावांच्या संस्था चालवायच्या ही त्याची खासियत. पैसे कोण देतं ते गुप्त. २०१४ मध्ये त्याचं एक भाषण न्यूयॉर्क टाइम्सने उघड केलं. कोलोराडो स्प्रिंग्जला तेल कंपन्यांच्या अधिकाऱ्यांपुढे केलेलं, कोणीतरी चोरून ध्वनिमुद्रित केलेलं. कुरूप होऊन जिंका नाहीतर देखणे राहून हरा, असा त्याचा सल्ला होता.

त्याच दुकानातून चालणारी एक संस्था 'अमेरिकन बेव्हरेज इन्स्टिट्यूट'. दारू देणाऱ्या रेस्टॉरंटांची बाजू मांडणारी. लाँगवेल तिची मॅनेजिंग डायरेक्टर होती. २०१७ मध्ये युटा राज्याने गाडी चालवताना रक्तातल्या अल्कोहोलची मर्यादा ०.०८ वरून ०.०५ वर आणणारा कायदा केला. राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाने २०१३ मध्येच ही शिफारस केली होती. या संस्थेने वर्तमानपत्रांत पानभर जाहिराती दिल्या: युटाला सुट्टीसाठी या आणि प्रोबेशनवर (शिक्षा होऊन, न्यायालयाच्या देखरेखीखाली) परत जा. कायदा ३० डिसेंबर २०१८ पासून लागू झाला. पुढे केंद्रीय वाहतूक सुरक्षा खात्याच्या अभ्यासात निघालं की २०१६ च्या तुलनेत २०१९ मध्ये युटातल्या प्राणघातक अपघातांचं प्रमाण १९.८ टक्क्यांनी उतरलं. बाकी देशात तेव्हा घट होती ५.६ टक्के.

ट्रम्पबद्दल ती जे बोलते त्यातलं बरंच मलाही पटतं. पण या कामाचा हिशेबही तिने त्याच तपशिलाने, त्याच उत्कटतेने द्यावा अशी माझी अपेक्षा आहे. लोकशाहीच्या रक्षणाच्या गप्पा मोठ्या आहेत. गाडीखाली येणारा माणूस छोटा वाटतो, म्हणून ते पान उलटून पुढे जायचं का?

निशिगंधा

सह्यकडा, युटाचं उदाहरण जबरदस्त आहे आणि ते माझ्या अटीच्या बाजूनेच जातं असं मी मानते. अट मिलरलाही लागू, लाँगवेललाही. एक फरक मात्र नोंदवते. अमेरिकन बेव्हरेज इन्स्टिट्यूटतर्फे ती बोलायची तेव्हा पत्रकार तिचं नाव आणि हुद्दा छापायचे. ते काम कोणी केलं हे आज तुम्ही इथे सांगू शकता, ते त्याचमुळे. पैसे कोणाचे हे मात्र तेव्हाही झाकलेलं होतं आणि खरा दोष तिथे आहे.

पश्चात्तापाची पारख आपण करू शकत नाही. कबुली आपल्या मर्जीच्या शब्दांत लिहिता येते हे मान्यच. पण त्यातलं गिऱ्हाइकाचं नाव, वर्ष, काम हे तपासता येतं. मला तेवढं पुरतं.

थेम्सकाठी

ब्रिटनचं उदाहरण राहून जायला नको. अलास्टेअर कॅम्पबेल. त्याचं नाव झालं ते कंपन्यांच्या नाही, सरकारच्या पीआरमुळे. आधी 'डेली मिरर'मध्ये राजकीय पत्रकार, १९९४ पासून टोनी ब्लेअर यांचा प्रेस सेक्रेटरी, १९९७ नंतर डाउनिंग स्ट्रीटवर, २००३ मध्ये राजीनामा. मार्च २०२२ पासून माजी कंझर्व्हेटिव्ह मंत्री रोरी स्टुअर्टबरोबर त्याचा 'द रेस्ट इज पॉलिटिक्स' हा पॉडकास्ट चालतो. दोघांनी सभ्यपणे असहमत व्हायचं, हे त्यांचं सूत्र. इथल्या माझ्या ऑफिसात लोक सकाळी त्याच्यावरच बोलत असतात.

आता निशिगंधाची अट त्याला लावून बघा. त्याच्या डायऱ्या छापून आल्या आहेत, खंडामागून खंड. वही उघडण्यात त्याचा हात कोणी धरणार नाही. पण सप्टेंबर २००२ चं इराकबद्दलचं दस्तऐवज, त्यातला पंचेचाळीस मिनिटांत अस्त्रं डागता येतील हा दावा, बीबीसीशी झालेला संघर्ष, जुलै २००३ मध्ये त्या बातमीमागचे बीबीसीचे सूत्र असलेले शास्त्रज्ञ डेव्हिड केली यांचा मृत्यू. केली यांच्या मृत्यूच्या चौकशीच्या, जानेवारी २००४ च्या हटन अहवालाने सरकारला दोषमुक्त केलं. इराक युद्धाच्या चौकशीच्या, २०१६ च्या चिलकॉट अहवालाने म्हटलं की ज्या खात्रीने धोका मांडला गेला तेवढी खात्री हाताशी नव्हती. कॅम्पबेल मात्र आपल्या भूमिकेचा आजही बचावच करतो. वही उघडी आहे, हिशेब मात्र त्याला मान्य नाही. अशा वेळी काय करायचं?

मी ऐकतो त्याचं. मोर्चेबांधणी, पत्रकार परिषदेत प्रश्न कसा चुकवायचा, विरोधी पक्षाने नेता कसा उभा करायचा यावर त्याच्याइतकं जाणकार कोणी नाही. इराकचा विषय निघाला की मी दुसऱ्यांचं लिहिलेलं वाचतो.

अनघा_पेण

@थेम्सकाठी, हे आवडलं. विषय पाहून ऐकायचं.

मला मिलरच्या गोष्टीतलं वेगळंच टोचतं. ज्या पक्षाच्या धोरणाने आपलंच लग्न बेकायदा ठरेल, त्याची प्रसिद्धीपत्रकं लिहायची. रोज. हे अमेरिकेतच होतं असं नाही. स्त्रियांना कमी लेखणाऱ्या नेत्याची भाषणं एखादी हुशार मुलगी लिहून देते, जातीवरून अपमान करणाऱ्याचं सोशल मीडिया त्याच जातीतला मुलगा सांभाळतो. नोकरी असते, घराचा हप्ता असतो. मिलरने त्या कप्प्यांबद्दल स्पष्ट लिहिलं, ते वाचून कोणा एकाने जरी नोकरी बदलली तरी त्या पुस्तकाचं चीज झालं.

उत्तरवारा

कायद्याची बाजू थोडक्यात मांडतो, मी इथे अनुपालनाच्या क्षेत्रात आहे.

अमेरिकेत सरकारी अधिकाऱ्यांना भेटून काम काढणाऱ्या लॉबीस्टला १९९५ च्या कायद्याने नोंदणी करावी लागते: गिऱ्हाईक कोण, विषय कोणता, पैसे किती. पण तोच माणूस अधिकाऱ्याला न भेटता पत्रकाराला भेटला, लेख पेरला, संस्था काढली, तर त्याला ही नोंदणी लागू नाही. परदेशी सरकारसाठी काम केलं तर १९३८ चा 'फारा' कायदा आहे आणि त्यात पीआरही येतो. देशी गिऱ्हाइकासाठी मोकळं रान.

पॉडकास्टचं त्याहून विचित्र. शाम्पूची शिफारस पैसे घेऊन केली तर तसं सांगावं लागतं, हा केंद्रीय व्यापार आयोगाचा दंडक. उमेदवाराच्या बाजूने बोलायचे पैसे इन्फ्लुएन्सरने घेतले तर त्याने स्वतः ते श्रोत्यांना सांगण्याची सक्ती अमेरिकेच्या निवडणूक आयोगाच्या २०२३ च्या नियमांतही आली नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये न्यायखात्याने आरोपपत्र दाखल केलं, की रशियाच्या 'आरटी' या सरकारी वाहिनीच्या दोन कर्मचाऱ्यांनी टेनेसीतल्या एका कंपनीत जवळपास १ कोटी डॉलर ओतले, आणि तो पैसा मोठमोठ्या उजव्या भाष्यकारांच्या व्हिडिओंसाठी गेला. ती कंपनी 'टेनेट मीडिया' असल्याचं लगेच स्पष्ट झालं. पैसा कुठून येतो हे आम्हाला माहीत नव्हतं, आमचीच फसवणूक झाली, असं त्या भाष्यकारांनी सांगितलं. म्हणजे बोलणाऱ्यालाच वहीतलं पहिलं नाव माहीत नाही!

निशिगंधा

उत्तरवारा, हे फार महत्त्वाचं. जुन्या गिऱ्हाइकांबरोबर आजच्या मिळकतीचाही प्रश्न येतो. बुलवर्कचा मोठा आधार वर्गणीदारांचा आहे, ते उघड आहे. त्याचा ताण वेगळा: श्रोत्यांना जे ऐकायला आवडतं तेच बोलण्याचा मोह. मिलर डेमोक्रॅट पक्षावर टीका करतो तेव्हा श्रोते चिडतात, तरी तो करतो, याची मी मुद्दाम नोंद ठेवते.

कर्वेनगरकर

एक इतिहास सांगतो, सह्यकडांना उपयोगी पडेल. १९०६ साली अमेरिकेत अँथ्रासाइट कोळसा खाणमालकांनी आयव्ही ली नावाच्या माजी पत्रकाराला नेमलं. त्याने वर्तमानपत्रांना एक जाहीरनामा पाठवला: आमचा कारभार गुप्त नाही, आम्ही उघडपणे काम करतो, माहिती अचूक देऊ, शंका असेल तर तपासून घ्या. आमच्या अभ्यासक्रमात हे आदर्श म्हणून शिकवतात. याच लीने कोलोराडोतल्या संपकरी खाणकामगारांच्या १९१४ च्या लडलो हत्याकांडानंतर रॉकफेलर यांची बाजू मांडताना पसरवलेल्या माहितीत खोटे तपशील निघाले. १९३४ मध्ये जर्मनीच्या आय. जी. फार्बेन या रसायन कंपनीसाठी केलेल्या कामाबद्दल त्याची संसदीय समितीपुढे चौकशी झाली. उत्तरवारांनी सांगितलेल्या 'फारा' कायद्याच्या मागे अशीच प्रकरणं होती. म्हणजे उघडपणाची घोषणा आमच्या धंद्याच्या जन्मापासून आहे. कायदा येईपर्यंत ती घोषणाच राहिली.

आणि निशिगंधाताई, तुमच्या अटीत एक अडचण आहे, ती कोणीच मांडली नाही. गोपनीयतेचा करार. नोकरी सोडताना आमच्याकडून सही घेतात आणि गिऱ्हाइकाचं नावसुद्धा बाहेर सांगता येत नाही. माझ्या एका जुन्या क्लायंटबद्दल मला आज बोलावंसं वाटतं. बोललो तर वकिलाची नोटीस येईल. वही उघडायची इच्छा असून कुलूप दुसऱ्याच्या हातात असलेले माझ्यासारखे पुष्कळ आहेत.

सह्यकडा

करार खरा आहे, पण त्यातही मार्ग आहे. नाव सांगता येत नसेल तर विषय सोडावा. 'दारूच्या कायद्यावर मी पूर्वी पैसे घेऊन काम केलं आहे, म्हणून आज यावर मी बोलणार नाही', एवढं वाक्य कोणत्याही करारात बसतं. न्यायाधीश असंच खटल्यातून बाजूला होतात. हे वाक्य मी एखाद्या राजकीय पॉडकास्टवर ऐकलं की त्या दिवशी वर्गणी भरेन.

निशिगंधा

हे मान्य. माझ्या अटीत हे वाक्य घालून घेते: वही उघडा, ती बंद ठेवणं भाग असेल तर त्या विषयावर गप्प बसा.

विदुला_एम

सह्यकडा, युटाचं वाचल्यापासून मी विचारात आहे. फोकस ग्रुप ऐकणं सोडणार नाही, तिथे मतदारांचा आवाज थेट मिळतो. पण दारू, रेस्टॉरंट, किमान वेतन हे विषय तिथे निघाले तर आता वेगळ्या कानाने ऐकेन.

दत्तूमास्तर

कर्वेनगरकर, तुम्ही नावं न घेता लिहू शकाल असं पुष्कळ आहे. प्रेस नोट कशी बनते, एम्बार्गो (ठरल्या वेळेआधी न छापण्याची अट) म्हणजे काय, खास मुलाखतीच्या अटी कशा ठरतात, निवडणुकीच्या काळात एजन्सीत काय बदलतं. वेगळा धागा काढा. टेबलाच्या पलीकडच्या बाजूने मी भर घालतो. पत्रकारितेच्या वर्गात शिकणाऱ्या दोन-तीन मुलांना मी तो वाचायला लावणार आहे.

कर्वेनगरकर

मास्तर, काढतो. पहिल्या भागात प्रेस नोट आणि एम्बार्गो, दुसऱ्यात निवडणुकीचा हंगाम. तुम्ही रात्रीच्या पानाबद्दल जे वर लिहिलंत ते तिथे सविस्तर हवं. कोणती प्रेस नोट कचऱ्यात जायची आणि कोणती लागायची, हे आम्हाला कोणी कधी सांगितलं नाही.